गणूशेठनी खार दुसऱ्यांदा विकली

कोपरच्या जुन्या गावठाणात गणू केणे यांचा बंगला शोधावा लागत नाही. गेटवर सिमेंटचे दोन सिंह आहेत, आणि त्यातल्या डावीकडच्याच्या डोक्यावर कावळ्यांनी आपली मालकी कधीच सांगून ठेवली आहे. आत तीन मजले, तीन मजल्यांना लिफ्ट, आणि लिफ्टमध्ये माणसाएवढा आरसा. गणूशेठ वर-खाली करताना त्यात स्वतःला बघतात आणि दर खेपेला समाधान पावतात. माणूस तसा दिलदार. कुणाच्याही हळदीला सगळ्यात मोठा बॅनर त्यांचा, बॅनरवरचा सगळ्यात मोठा फोटोही त्यांचाच. नवरदेव खाली कोपऱ्यात असतो.

हाच गणू एके काळी बापाबरोबर मिठागरावर मीठ ओढायचा आणि पावसाळ्यात खारीत भात लावायचा. खार म्हणजे खाडीला बांध घालून राखलेली जमीन. बांध धड असेतो ते शेत, बांध फुटला की ती खाडी. बांधाकडे त्यांची बायको तुळसाबाई बघायच्या, भाताकडे तुळसाबाई बघायच्या, आणि गणूशेठ या सगळ्यावर लक्ष ठेवायचे, म्हणजे नाक्यावर बसायचे. एका वर्षी तुळसाबाई भावाच्या लग्नाला माहेरी गेल्या आणि बरेच दिवस राहिल्या. तेवढ्यात बांधाला भगदाड पडलं, भरतीचं पाणी आत आलं, भात कुजलं, आणि कुजलेल्या भाताच्या वासावर बिल्डरची गाडी आली. तुळसाबाई परतल्या तेव्हा सही होऊन गेली होती. "तू आता लखपतीण झालीस," असं गणूशेठनी त्यांना दारातच सांगितलं. लखपतीण त्यावर काय बोलली हे गावात कुणालाच कळलं नाही. केण्यांच्या घरातलं एवढंसं गुपितही बाहेर येऊ नये, यावरूनच ते काय असेल याचा अंदाज गावाने बांधला.

पुढे लखपतीणीची करोडपतीण झाली, बंगला झाला, आणि तुळसाबाईंना करायला काही उरलं नाही. भांड्यांना बाई, कपड्यांना मशीन. तेव्हा मुलाच्या, म्हणजे हितेशच्या, बायकोने, ऋतिकाने, सासू सारखी स्वयंपाकघरात येऊन डब्यांची झाकणं उघडून बघते याला कंटाळून, तिच्या हातात हितेशचा जुना फोन दिला आणि त्यात शेतीचा एक गेम घालून दिला. इंटरनेट लागत नाही, जाहिराती नाहीत, सासू एका जागी बसते. याहून मोठं पुण्य सुनेच्या हातून क्वचितच घडतं.

तुळसाबाईंनी तो गेम खेळला नाही, त्यांनी शेती केली. सकाळी चहाआधी पाणी. दुपारी तण. त्यातल्या गव्हाला आणि मक्याला त्यांनी हातही लावला नाही. भात तेवढं लावलं. चित्रातल्या नदीलगतचे वाफे मोकळे सोडले, कारण भरतीला पाणी आत येईल. नदी चित्रातली आहे, तिला भरती येत नाही, हे ऋतिकाने समजावलं. चित्राचं असलं तरी पाणीच ना, म्हणून सासूबाईंनी तो विषय संपवला. कोंबड्या झाल्या, विहीर झाली. आता म्हैस घ्यायची होती. म्हैस महाग, आणि भाताला भाव कमी. हे मात्र गेमवाल्यांनी अगदी खऱ्यासारखं केलं होतं.

घोटाळा झाला तो पोपटशेठच्या मुलीच्या हळदीत. पोपटशेठ म्हणजे गणूशेठचे चुलतभाऊ, आणि चुलतभाऊ असल्यामुळे अर्थातच वैरी. बँजो वाजतोय, बायका नाचतायत, आणि तुळसाबाई एका खुर्चीत बसून भाताला पाणी घालतायत. बायकांनी चौकशी केली, तर त्यांनी सरळ सांगितलं की म्हशीसाठी साठवते आहे, अजून बरंच बाकी आहे. पोपटशेठच्या कानावर ते गेलं आणि त्यांनी भर मांडवात, चार माणसांत, अतिशय काळजीच्या सुरात गणूशेठना विचारलं की वहिनींना एक म्हैस घेऊन देता येत नाही का, अडचण असेल तर घरचीच माणसं आहोत.

गणूशेठना त्या रात्री जेवण गेलं नाही. म्हणजे मटण गेलं, भाकरी राहिली. आपली बायको. जिच्या नावावर दुकानांचे गाळे आहेत, जिच्या नावाने ठाण्यात फ्लॅट आहे, तिला एका म्हशीसाठी थांबावं लागतंय, तेही मोबाईलमध्ये. नवऱ्याने बायकोला घेऊन दिल्या नाहीत अशा गोष्टी जगात फार थोड्या उरल्या होत्या, आणि त्यातली एक भर मांडवात उघडी पडली होती.

ते हितेशकडे गेले. हितेशची जिम आहे. जिममध्ये आरसे आहेत आणि आरशात हितेश आहे. त्याने बाबांना सांगितलं की यात काय एवढं, मेमरी एडिटर वापरायचा. ऑनलाइन गेम असेल तर आकडे कंपनीकडे असतात, तिथे कुणाची डाळ शिजत नाही. ऑफलाइन गेमचं सगळं फोनच्याच मेमरीत. एडिटर तिथे शिरतो, आकडा शोधतो आणि तुम्ही म्हणाल तो आकडा ठेवतो. गणूशेठना हे लगेच पटलं. ऑनलाइन म्हणजे मंत्रालय, ऑफलाइन म्हणजे आपला गावचा माणूस. शिवाय हा एडिटर चालायला फोन 'रूट' केलेला, म्हणजे कंपनीची कुलपं तोडलेला लागतो, आणि फोन आईकडे जाण्याआधीच हितेशने त्याची पाळंमुळं उपटून ठेवलेली होती. हितेशने ॲप टाकलं, एक हिंदी व्हिडिओ लावून दिला, आणि दंड मारायला निघून गेला.

तुळसाबाई देवळात गेलेल्या. गणूशेठ सोफ्यावर बसले, चष्मा लावला आणि कामाला लागले. व्हिडिओतला माणूस सांगत होता ते सोपं होतं. आत्ता गेममध्ये किती नाणी आहेत ते बघा, तो आकडा शोधा. हजारो ठिकाणी सापडेल, कारण मेमरीत तोच आकडा इतर पुष्कळ गोष्टींचाही असू शकतो. मग थोडी नाणी खर्च करा आणि नवा आकडा शोधा. ठिकाणं कमी होतील. पुन्हा खर्च करा, पुन्हा शोधा. एकच ठिकाण उरलं की तिथे हवा तो आकडा लिहा.

गणूशेठनी शोधायच्या आधीच बी-बियाणं घेतलं. नाणी उरली तीनशे सत्त्याण्णव. शोधलं. हजारो कसल्या, सातच ओळी आल्या. एकाखाली एक, सातही ठिकाणी तोच आकडा.

आता दुसरा कुणी असता तर पुन्हा खर्च करून पुन्हा शोधलं असतं. पण गणूशेठनी उभा जन्म सातबारे बघण्यात घालवलेला. एका जमिनीवर सात नावं म्हणजे सात हिस्सेदार, हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. आणि सातांपैकी सहाजणांना वगळून एकालाच दिलं तर काय होतं, हेही त्यांना ठाऊक होतं. त्यांचा पोपटशेठशी चाललेला दावा त्याच कारणाचा. व्हिडिओतला माणूस उत्तरेकडचा असावा, त्याला इथली भाऊबंदकी काय माहीत. गणूशेठनी सातही ओळींना सारखा हिस्सा दिला. प्रत्येकी नव्व्याण्णव कोटी. कुणाची तक्रार नको, कुणाची हरकत नको.

मग गेम उघडला. नाणी नव्व्याण्णव कोटी. गणूशेठ खूश झाले आणि मग त्यांना शेत दिसलं.

एक हिस्सेदार नाण्यांचा होता, तो खराच. बाकीच्यांतले दोघे कोण होते याचा उलगडा हितेशने नंतर केला. एक निघाला कोंबड्यांच्या दाण्याच्या पोत्याचा भाव. आता एका पोत्याला नव्व्याण्णव कोटी पडत होते, म्हणजे अख्खी इस्टेट विकून कोंबड्यांना एक वेळ खायला घालता आलं असतं. आणि एक निघाला पाण्याचा. शेताला पाणी घालून किती मिनिटं झाली, याचा हिशेब ठेवणारा. सकाळी तुळसाबाईंनी पाणी घातल्याला नेमकी तेवढीच मिनिटं झाली होती. गणूशेठनी तिथेही दिलदारपणे नव्व्याण्णव कोटी लिहिले. म्हणजे अठराशेहून जास्त वर्षं त्या भाताला कुणी पाणी घातलं नव्हतं.

भात काळं पडलं होतं. विहिरीला तडे गेले होते. कोंबड्यांचं काय झालं ते गेमवाल्यांनी सभ्यपणे दाखवलं नव्हतं, नुसतं खुराड्याचं दार उघडं होतं.

इथे थांबले असते तरी बरं होतं. पण तुळसाबाई यायची वेळ झालेली, आणि काळं पडलेलं शेत समोर दिसत असताना गणूशेठना एकच उपाय सुचतो. हाताशी पैसा होता. गेमच्या दुकानात सगळ्यात शेवटी, जिथवर तुळसाबाई कधी पोचल्याच नव्हत्या, एक हवेली होती. स्विमिंग पूलसकट, दारात दोन घोडे. गणूशेठनी ती घेतली आणि मेलेल्या भातावर बरोब्बर बसवली. एकही काळी काडी दिसेना. उरलेल्या जागेत म्हशी ठेवल्या, एक नाही, मावतील तेवढ्या. गेमने ते सगळं आपणहून जपूनही ठेवलं. मागे जायला वाट नव्हती.

तुळसाबाई आल्या. गणूशेठनी फोन त्यांच्या हातात दिला आणि त्या आता नव्व्याण्णव कोटींच्या मालकीण झाल्याचं जाहीर केलं. पोपट्याला जाऊन दाखव, असंही सुचवलं.

तुळसाबाईंनी चष्मा लावला. बोटाने पडदा एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सरकवला. पुन्हा सरकवला.

"माझा भात कुठं हाय?"

गणूशेठ म्हणाले की भाताचं काय घेऊन बसलीस, म्हशी बघ.

"म्हस मना घ्यायची व्हती," तुळसाबाई म्हणाल्या. "मना इचारलाव?"

"अगं, तुझ्याचसाठी केला ना."

"तवाबी तुमी ह्याच बोल्लाव."

त्यांचा आवाज चढला नाही. चढला असता तर गणूशेठना बरं वाटलं असतं. चढलेल्या आवाजाला उत्तर देणं त्यांना जमतं. ऋतिका दारात उभी होती. ती तशीच मागे गेली आणि आयुष्यात पहिल्यांदा तिने स्वतःहून भांडी घासायला घेतली.

पुढचे काही दिवस केण्यांच्या घरी जेवण वेळेवर मिळत होतं, चहा मिळत होता, आणि दोन्ही गोष्टी गणूशेठसमोर ऋतिका ठेवत होती. फोन देव्हाऱ्याच्या फळीवर बंद पडून होता. गणूशेठनी पाटल्या आणल्या, त्या पाटल्यांची डबी फोनशेजारी जाऊन बसली. मग ते हितेशच्या मागे लागले की जुनं शेत परत आण. हितेशने सांगितलं की ते कुठेच शिल्लक नाही, नव्याने लावता येईल, आणि नव्याने म्हणजे एका वाफ्यापासून. हे गणूशेठनी बायकोपर्यंत पोचवलं. म्हणजे तिच्या समोर उभं राहून भिंतीला सांगितलं.

तुळसाबाईंनी फोन फळीवरून काढला, हितेशकडून गेम पुसून पुन्हा टाकून घेतला, तो एडिटर कायमचा काढून टाकायला लावला, आणि फोन नवऱ्यापुढे धरला. एक वाफा, सगळा तण माजलेला.

"आता तुमी लावायचा. मी सांगंल तसा."

अशा रीतीने कोपरचे गणूशेठ केणे उतारवयात आपल्याच बायकोचं कूळ झाले. जमीन तिची, राबायचं यांनी. फोन घराबाहेर न्यायचा नाही, पाणी चुकवायचं नाही, आणि काय लावायचं ते मालकीण ठरवणार. भात अजून मिळत नव्हतं, त्याला वरची पायरी गाठावी लागते, तोवर वांगी. गावात बातमी फिरायला वेळ लागला नाही. पोपटशेठ तर नाक्यावर भेटले की यंदा वांगं कसं आहे, म्हणून विचारायचे. गणूशेठ पहिल्यांदा चिडले. मग एकदा चांगलं आलंय असं त्यांनी बोलूनही टाकलं, आणि पोपटशेठचीच पंचाईत झाली.

मग एक दिवस त्यांना कामासाठी ठाण्याला जावं लागलं. परतताना माजिवड्याला गाडी अडकली. पुढे ट्रेलर, मागे टँकर, आणि पाण्याची वेळ टळत चाललेली. गणूशेठनी घरी फोन लावला आणि जेवढ्या मऊ आवाजात त्यांनी कधी बिल्डरशीही बोलणं केलं नव्हतं तेवढ्या मऊ आवाजात सांगितलं, की आजच्या दिवस जरा पाणी घाल.

"कूलाचा काम मालकिनीना करायचा?"

"अगं, ट्रॅफिक हाय. थोरा उशीर होल."

"वांगी हायेत ती," तुळसाबाई म्हणाल्या. "बिल्डर नाय, तुमची वाट बघत बसायला."

आणि फोन ठेवला.

गणूशेठ घरी पोचले तेव्हा एक अख्खी रांग सुकली होती. लिफ्टकडे न जाता ते बूट घालूनच सरळ हॉलमध्ये आले. हितेश जवळच होता. तो हळूच म्हणाला की बाबा, नुसतं पाण्याचं ठिकाण शोधून तिथे शून्य टाकलं ना, तर एका मिनिटात हिरवं होईल, ॲप परत टाकायला किती वेळ लागतो. गणूशेठनी त्याच्याकडे अशा नजरेने बघितलं, की तो जिमला गेला.

सुकलेली झाडं एकेक करून उपटावी लागतात. गणूशेठच्या बोटात अंगठ्या चार. काचेला आधी अंगठी लागायची, मग बोट, आणि शेजारचं भलतंच जिवंत झाड उपटलं जायचं. दोन वांगी तशी गेल्यावर त्यांनी अंगठ्या काढून टीपॉयवर ठेवल्या. तुळसाबाईंनी चहा आणला. ऋतिकाकडे दिला नाही, स्वतः आणला. कप ठेवायला जागा करताना त्यांनी अंगठ्या कोपराने बाजूला सारल्या, नवऱ्याच्या शेजारी बसल्या, आणि पडद्यावर बोट ठेवून पलीकडची एक काडी राहिली असल्याचं दाखवलं.