आमच्या समितीनं चालवलेला खटला

आष्टीच्या शाळेत मी मराठी शिकवायचे आणि गावच्या वाचनालयाची चिटणीसही होते. समितीत बाई मी एकटीच. एकोणीसशे नव्वदच्या आसपासची गोष्ट. एका कादंबरीवर अश्लीलतेचा खटला चालू असल्याचं पेपरात आलं आणि आमच्या एका सदस्यांना आठवलं, ती आपल्या वाचनालयाच्या कपाटात आहे. मोसंबीची बाग असलेले हे काका तावातावानं आले.

"मॅडम, असलं पुस्तक गावात बिलकुल नको."

"तुम्ही वाचलंय?"

"छे! मी कशाला वाचू असलं?"

अध्यक्ष म्हणजे निवृत्त हेडमास्तर, न्यायी माणूस. आक्षेपार्ह ओळींखाली रेघा मारायला त्यांनी पुस्तक घरी नेलं. आठ दिवस म्हणाले आणि महिना लावला. विचारलं तर म्हणाले, "बारकाईनं करून राह्यलो."

रविवारी दुपारी बैठक बसली. ठराव करायचा तर मजकूर वाचायला हवा. काकांनी पुस्तक हेडमास्तरांकडे सरकवलं, त्यांनी चष्मा पुसत माझ्याकडे. बाईमाणसानं कसं वाचावं, असं कुणी म्हणेना. म्हणणाऱ्यालाच वाचावं लागलं असतं ना!

मी वाचायला घेतलं, पण रेघेपासून नाही, प्रकरणाच्या सुरुवातीपासून. नवऱ्यानं टाकलेली बाई, एकटीनं शेती करणारी, आणि तिच्या बांधावर येणारा तो एक माणूस. पहिली रेघ आली तेव्हा पुस्तक जरा तोंडासमोर धरलं आणि वाचत राहिले. रेघ संपली तशी थांबले. वर बघायची हिंमत होईना. आता राजीनामाच मागतील, असं वाटलं.

तेवढ्यात काका म्हणाले, "मंग? नांदवली का न्हाई त्यानं तिला?"

"ते पुढच्या प्रकरणात आहे."

"मंग वाचा की!"

निर्णय पुढच्या बैठकीवर गेला, तिथून त्याच्या पुढच्या. एवढी बराबर हजेरी आमच्या समितीनं कधी लावली नव्हती. शेवटच्या दिवशी, कादंबरीतली बाई एकटीच गाव सोडून निघाली तेव्हा, काकांनी उपरण्यानं डोळे पुसले आणि "खिडकी लावत जा, किती धूळ येती!" म्हणून माझ्यावरच डाफरले. पुस्तक कपाटात राहावं, असा ठराव एकमतानं झाला. सूचक म्हणून काकांनीच सही केली.

दुसऱ्या दिवशी त्यांची सून वाचनालयात आली. लग्नाला तीन वर्षं झाली होती, पण इथं ती पहिल्यांदाच येत होती.

"मामा म्हणले, ते पुस्तक घेऊन ये," ती हळूच म्हणाली. "पण आधी मी वाचणार हाय."