धुऱ्यावरच्या काट्या

वडिलांनी पंचायतीला विहिरीसाठी जागा दिली ती ऐन उन्हाळ्यात. आमच्याकडे धान निघालं की शेत कुणाचंच राहत नाही. ढोरं, माणसं, लग्नाची वऱ्हाडं, सगळे त्यातून आडवेतिडवे जातात. म्हणून विहिरीची जागा कागदावर चढली आणि तिथपर्यंतची वाट लिहायचं कुणाच्या डोक्यातही आलं नाही. साहेब, सरपंच, आमचे वडील, सगळेच शहाणे! वडील गेले आणि ते शहाणपण माझ्या गळ्यात पडलं.

पावसाळ्यात विहिरीकडे जायला एकच मार्ग उरतो, माझ्या बांधीचा धुरा, म्हणजे धानाच्या खाचराचा बांध. गावाला नळाचं पाणी सोडणारा माणूस रोज सकाळी त्या हातभर मातीवरून मोटारसायकल हाणायचा. धुरा खचायचा, फुटायचा, आणि रोवणा होऊन रोपं लागलेल्या बांधीतलं पाणी नाल्याला. धानाच्या बुडाशी पाणी नसलं की तण माजतं. माझ्या घरचं वर्षाचं खाणं त्याच बांधीत.

"भाऊ, पायी येत जा ना," मी सांगायचो.

"येतो ना भाऊ," तो म्हणायचा. दुसऱ्या दिवशी पुन्हा चाकाची खूण.

पंचायतीत गेलो. सरपंचबाई म्हणाल्या, "वाटेचा ठराव घेऊन राह्यलो ना भाऊ." तीन पावसाळे घेऊनच राहिले.

शेवटी डोकं फिरलं. एका संध्याकाळी बोरीच्या काट्या, चांगल्या काटेरी फांद्या, तोडल्या आणि धुऱ्याच्या तोंडावर आडव्या टाकल्या. वाटलं, हा काट्या बाजूला सारेल, मी त्याला धरीन आणि एकदाचं भांडण होऊन जाईल. पण आमच्या गावात एकानं टाकलेल्या काट्या दुसरा उचलत नाही, हेच रागात विसरलो. तो आला, काट्या पाहिल्या आणि गाडी वळवून घरी गेला. विहिरीवरची मोटर सुरूच झाली नाही.

नऊ वाजेपर्यंत सगळं गाव जुन्या हातपंपावर, लाल पाण्यासाठी रांगेत. मला कुणी एक शब्द बोललं नाही. त्याचाच जास्त राग आला. शिव्या दिल्या असत्या तर उत्तरं तयार होती! घरी आलो, तर आई पाण्याचा रिकामा गुंड घेऊन निघालेली. तिला धड चालता येत नाही.

"मी आणतो," म्हटलं.

"राहू दे. काट्या टाकताना मले इचारलं होतं का?"

"धुरा आपला आहे. बाबांनी विहीर दिली, वाट नाही दिली."

"मंग मानूस विहिरीवर वरून पडन का?" तिनं गुंड काखेत घेतला. "वाट द्याचं तुयासाठी ठेवलं असन त्यायनं."

मला भयंकर लाज वाटली, आणि लाजेनं राग आणखीच वाढला. काट्या ओढून काढल्या. पाणी सोडणाऱ्याच्या घरी जाऊन सांगितलं, "काढल्या." तो "बरं" म्हणाला आणि गाडीला किक मारली.

"पायी!" मी ओरडलो.

यंदा रोवण्याआधी धुरा दोन हात रुंद केला. तेवढं धान गेलं. प्रत्येक फावड्याला एकेकाला शिव्या घातल्या, वडिलांनाही सोडलं नाही. पंचायतीचा ठराव अजून व्हायचाच आहे. पण माझ्या पोराला त्या धुऱ्यावर काट्या टाकाव्या लागणार नाहीत.