दहिवरात साक्ष नाही

ज्या राज्याचा फौजदारी कायदा मला सगळ्यात आधी पाठ झाला, ते राज्य अमरावतीला आमच्या ओसरीवर, आत्याच्या चरखीजवळ वसलं होतं.

समुद्रापलीकडे कुठेतरी लढाई लागली होती आणि तिच्यापायी वऱ्हाडातल्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. कापसाच्या बैलबंड्यांची रांग गावाबाहेर जाई. घरोघरच्या बायका शेटजींच्या वखारीतून कापूस तोलून आणायच्या, चरखीवर सरकी काढायच्या आणि रुई नि सरकी दोन्ही तोलून परत द्यायच्या. माझी आत्या विधवा होऊन आमच्याकडे आली होती. पोराला शाळेत राहू द्या, खर्च मी करते, असं तिनं वडिलांना सांगितलं होतं. म्हणूनच मी बंडी हाकायला गेलो नाही. शाळा सुटली की मी तिच्याजवळ सरकी गोळा करत बसे आणि आमचं राज्य चाले.

त्या राज्यात सगळंच रुईचं होतं. राजा रुईचा, हत्ती रुईचे, किल्लासुद्धा रुईचा. माणसं इतकी हलकी, की गुन्हेही वेगळे. विस्तवाशी खेळणं हा सगळ्यात मोठा अपराध. आपल्यापेक्षा लहानावर फुंकर मारली, तर कमरेला सरकीची पिशवी बांधून फिरायचं. चोरानं ज्याचं चोरलं त्याच्यासाठी गोधडी भरून द्यायची. आणि एक कलम आत्याचं फार आवडतं होतं. दहिवरात साक्ष घ्यायची नाही. दव पडलं की रुईची माणसं जड होतात, मग उंदराचा गुन्हाही हत्तीएवढा भरतो, असं ती म्हणे. मी विचारी, "मग कधी घ्यायची?" ती म्हणे, "उन्हात. सगळे सुकले की."

एक दिवस मी तिच्याबरोबर रुई परत द्यायला वखारीत गेलो होतो. काट्यावरून मुनीमजींनी मान वर केली.

"बाई, तुह्या मालात रोज घट येऊन राहिली. बाकीच्यायच्या मालात एवढी येत नाही."

"मंग मी काय कापूस खाऊन राहिली का?"

मागची एक बाई म्हणाली, "खात असती त लठ्ठ तरी झाली असती वो!"

सगळ्या हसल्या. मुनीमजी हसले नाहीत. "उद्या शेटजी अकोल्याहून येऊन राहिले. त्यायच्यासमोर फैसला होऊन जाऊ दे. चोरी ठरली त वखारीत पाय ठेवाचा नाही."

आत्या घरी आली. त्या दिवशी तिला नवा कापूस दिला नव्हता. ती रिकाम्या चरखीचा दांडा फिरवत बसली. वडील दारातून एवढंच म्हणाले, "ताई, चोरीचा डाग लागला त दुसऱ्या वखारीतही कोणी उभं करणार नाही. पोराची शाळा आता बंदच करा लागते."

मी चरखीजवळ सरकून विचारलं, "आत्या, आपल्या राज्यात याले काय दंड?"

"दंड मागून," ती सवयीनं म्हणाली. "पयले सांग, साक्ष कवा घेतली?"

"तू कापूस तोलून आणते तवा. पहाटे."

दांडा थांबला. तिनं माझ्याकडे पाहिलं आणि हळूच म्हणाली, "दहिवरात."

दुसऱ्या दिवशी उजाडताच ती वखारीत उभी राहिली. सोबत मी होतो. शेटजी गादीवर बसले होते.

"शेटजी, हा कापूस आता तोला. मी घरी नेत नाही. तुमच्यासमोर उन्हात पसरा, अन् मुनीमजीले राखण बसवा."

"मले काहून?" मुनीमजी दचकले.

"आमच्या राज्यात फिर्यादीनंच राखण करा लागते."

"कोन्तं राज्य?" शेटजींनी विचारलं.

"ओसरीवरचं."

शेटजी पोट धरून हसले, पण कापूस पसरायला सांगितला. मुनीमजी डोक्यावर उपरणं टाकून उन्हात बसले. बायका मुद्दाम रेंगाळल्या. दुपारी तोच कापूस, एक बोंडही न हललेला, पुन्हा काट्यात घातला. सकाळचीच वजनं समोर होती. कापसाचं पारडं खाली येईचना.

शेटजी पुढे झुकले. "रोज एवढंच घटते का?"

मुनीमजींनी डोळे चोळून काटा पाहिला. "एवढंच, शेटजी."

"मग हिच्याच मालात काहून?"

कालचीच बाई ओरडली, "सगळ्यायच्या आधी येते ना ते! उघड्यावरच्या गंजीचा ओला थर तिच्याच टोपल्यात. आमी येतो तवर ऊन चढलं असते!"

वखारीत एकच गलका झाला. कुणी आत्याच्या पाठीवर थाप मारली, कुणी मला उचललं. शेटजी म्हणाले, "बाई, तुमच्या राज्यात चुकीच्या फिर्यादीले दंड काय?"

सगळ्यांनी सरकीच्या ढिगाकडे आणि मग मुनीमजींकडे पाहिलं, कारण मी पोरांना सांगितल्यामुळे आमचं राज्य आणि त्यातली सरकीची पिशवी आळीभर ठाऊक होती. आत्या म्हणाली, "त्यायनं खोटं नाही सांगतलं. काट्यात दिसलं ते सांगतलं. सोडून द्या."

"उन्हाचा दंड त मी भोगलाच," मुनीमजी पुटपुटले, आणि ह्या वेळी तेही हसले.

शेटजींनी तिथंच हुकूम दिला. दहिवर उडाल्याशिवाय काटा लावायचा नाही. पुढे त्यांच्या अकोल्याच्या वखारीतही तोच नियम लागला. आत्या तरीही सगळ्यांच्या आधी जाऊन फाटकाशी बसे. मुनीमजी तिलाच विचारत, "काहो बाई, गेलं का दहिवर?" ती गंजीत हात घालून मूठभर कापूस दाबून बघे. तिनं हो म्हटलं की काटा उचलला जाई.

माझी शाळा सुटली नाही. पुढे मुंबईला जाऊन मी कायद्याची पदवी घेतली. आमच्या घरात माझ्याआधी कुणी सही करायलाही शिकलं नव्हतं. परत आलो त्या दिवशी पदवीचा कागद मी आधी तिच्या मांडीवर ठेवला. तिनं तो उलटासुलटा करून पाहिला.

"सरकारचा कायदा वाचला म्हणे तू. त्यात आपलं दहिवराचं कलम हाय का?"

"नाही, आत्या."

"मंग अजून कच्चा हाय त्यायचा कायदा," ती म्हणाली, आणि तो कागद दाखवायला शेजारी निघाली.