नानांची थांबायची जागा

नाना रंगमंचावर ऐकत असत. वाचायला हे सोपं वाटतं, पण ज्यांनी हौशी नाटकं केली आहेत त्यांना ठाऊक आहे, समोरचा बोलत असताना आपण बहुतेक जण फक्त आपल्या वाक्याची वाट पाहत असतो. नाना खरंच ऐकत. तालमीत महिनाभर ऐकलेलं वाक्यही त्यांच्या चेहऱ्यावर नव्याने लागायचं. "बोलनारे पुष्कळ हायत," ते म्हणायचे, "ऐकनारा कोन तरी पायजे ना रे."

मुरबे या त्यांच्या गावात त्यांना सगळे हवालदार म्हणत. बोईसरच्या एका कारखान्यात ते पंपावर होते, मी तिथेच टाइम ऑफिसात. पाळी बदलून ते मुंबईला शूटिंगला जात. खाकी ड्रेस स्वतःचा, कडक इस्त्रीचा, म्हणून सिनेमावाले त्यांनाच बोलावत. किती सिनेमांत ते हवालदार झाले, त्यांनाही आठवत नसे. वाक्य बहुधा एकच: "चला, साहेबांनी बोलावलंय." त्यांची बायको, आमच्या काकू, बोईसरच्या बाजारात मासळी विकायच्या. एकदा पालघरला सिनेमा बघून आल्या आणि गिऱ्हाइकांसमोरच म्हणाल्या, "तीन तास बसली मी. यांची टोपी तेवढी दिसली, खालचा मानूस कापला!"

"टोपी सरळ होती ना?" नाना म्हणाले. "मग झालं."

कारखान्यातल्या आमच्या मंडळाचं नाटक दरवर्षी कॉलनीच्या मैदानावर मांडव घालून व्हायचं. मी सेक्रेटरी आणि प्रॉम्प्टरही. त्या वर्षी मुंबईचे एक निर्माते नानांना पाहायला येणार होते. त्यांच्या नव्या नाटकात बापाची भूमिका होती. तीन अंक, भरपूर संवाद, जाहिरातीत नाव. नाना त्याबद्दल माझ्याशी एकदाच बोलले. "आता चाळिशी संपत आली. हे मिळालं तर मिळालं, नायतर आमी हायच साहेबांना बोलवायला."

आमच्या नाटकातही ते बापच होते. मुलगा न विचारता होडी विकून घरी येतो आणि तसं सांगतो. बाप गप्प राहतो, मग विचारतो, "जेवलास का?" तालमीत नाना तिथे थोडाच वेळ थांबायचे. प्रयोगाच्या दिवशी मला म्हणाले, "आज तिथं माज्या मनानं थांबनार. तू घाबरू नको."

मी घाबरलो. नाना मुलाकडे बघत उभे राहिले, ते उभेच. मांडवात कोणी हलेना. हातातल्या वहीवर माझं बोट त्या दोन शब्दांखाली होतं. विसरले, असं मला वाटलं. खरं सांगायचं तर, नाटक पडलं तर ते माझ्यावर येईल, असं वाटलं. मी म्हणालो, "जेवलास का?" विंगेजवळ टांगलेल्या माइकने ते उचललं आणि माझाच आवाज मांडवभर घुमला. लोक हसले. नानांनी मग तेच वाक्य म्हटलं. ते ऐकायला कोणी उरलं नव्हतं.

पडदा पडल्यावर निर्माते माझ्याकडे आले. "चांगलं करतात हो. पाठांतराचं काय? विसरतात का?"

त्या क्षणी मी एवढंच सांगायला हवं होतं, की चूक माझी. मी म्हणालो, "वय होतंय ना साहेब. कधी कधी होतं तसं."

ती भूमिका दुसऱ्या कोणाला तरी मिळाली. नाना पुन्हा खाकी ड्रेस पिशवीत घालून जात राहिले, आणि आमच्या मंडळातही दरवर्षी काम करत राहिले. मी विंगेत वही घेऊन बसत राहिलो. त्यांनी कधी विषय काढला नाही, मीही नाही.

१९९० नंतर ते निवृत्त झाले. छातीचा आजार बळावल्याचं कळलं तेव्हा मी मुरब्याला गेलो. नाना ओट्यावर खाट टाकून बसले होते. मी सगळं सांगून टाकलं. त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं.

"म्हाईत हाय," ते म्हणाले. "त्या साहेबांनी तेव्हाच विचारलं मला, विसरता तर डॉक्टरला दाखवलं का म्हनून."

"मग मला बोलला का नाहीत?"

"काय बोलनार? दुसऱ्या वर्षी परत तूच बसनार होतास विंगेत." मग काकूंना हाक मारून त्यांनी माझ्यासाठी चहा सांगितला.

महिनाभरात ते गेले. त्यांच्या नाटकांच्या माझ्या जुन्या वह्या त्यानंतर मी काढून पाहिल्या. प्रत्येक वहीच्या शेवटी प्रयोग किती वेळ चालला ते लिहायची मला सवय होती. त्या वर्षानंतरचा प्रत्येक प्रयोग वेळेत संपला होता. नाना पुन्हा कुठेच थांबले नव्हते. एका वहीत मी कौतुकाने लिहिलंही होतं: 'नाना आता छान सरळ बोलतात.'