पापडाच्या खाटेवर पालथा फोन

बायांनो, सकाळपासून मले माझीच लाज वाटून राह्यली.

माझी पोरगी मेक्सिकोत गाइड आहे. पाहुण्यायले शहर फिरवते, तिथलं खाऊ घालते, तिकडची जुन्या पद्धतीची दारू चाखवते, गाणं-बजावणं ऐकवते. इथं आमच्या मोताळ्यात मात्र मी सांगून ठेवलं, ऑफिसात आहे म्हणून.

आज अंगणात आमचे पापड चालू होते अन् तिचा व्हिडिओ कॉल आला. तिकडं रात्र. गिटारवाले वाजवत होते, एक बाई मक्याची भाकर थापत होती. साऱ्या बाया कौतुकानं पाहत होत्या. तेवढ्यात पोरीच्या हातात बाटली दिसली. मी फोन खाटेवर पालथाच घातला.

"रेंज गेली. ऑफिसची पार्टी असन."

शेजारची काकू हासली, "बाटली दिसल्याबरोबर कशी वो गेली रेंज?"

फोन चालूच होता. खालून आवाज आला, "मम्मी, मले ऐकू येऊन राह्यलं."

सुलटा केला तर तिच्या मागं सारे पाहुणे मले हात हलवत होते.

"मी या पाहुण्यायले सांगत होती, थे पाहा, माही माय पापड लाटते," येवढं बोलून तिनं फोन ठेवला.

माझा विटका गाऊन, पिठाचे हात. तिले नाही वाटली माझी लाज. आता कोणत्या तोंडानं तिले फोन लावू, सांगा.