मनकर्णेचे दोन दिवस

जानेफळच्या शिवारात कापसाची पहिली वेचणी निघाली की पुढची पात मनकर्णाबाईची. हे कोणी ठरवलं नव्हतं, पण विचारायची कोणाची छाती नव्हती. तिच्या हाताला वेग होता, गळा खणखणीत होता, आणि ओटीत कापूस भरता भरता ती ओवी सुरू करायची, तेव्हा मागच्या दहाबारा बाया आपोआप तिच्या चालीनं पुढं सरकायच्या. घरी नवरा तुळशीराम तिला गप्प करी, सासू गप्प करी. शेतात मात्र तिला कोणी गप्प करत नसे. तेवढी एक जागा तिची होती.

मग धाकटा दीर दयाराम लग्न करून पुष्पाला घेऊन आला.

पुष्पा हिवरा आश्रमाकडची. दिसायला बेताची, वेचायला त्याहून बेताची. मनकर्णाबाईनं तिला पहिल्याच दिवशी शेवटच्या पातीला लावलं आणि निश्चिंत झाली. चार दिवसांनी पाहते तर मागच्या पाती मागंच रेंगाळताहेत, आणि ओवीला साथ द्यायला एकटी तानाबाई उरली आहे. तीसुद्धा कान मागं ठेवून.

पुष्पा एका मुलखाची गोष्ट सांगत होती. लोणारच्या खाऱ्या तळ्याखाली म्हणे एक मुलूख आहे. तिथं चंद्र पोचत नाही, म्हणून तिथले लोक महिने चंद्रावर मोजत नाहीत, वरून काय ऐकू येतं त्यावर मोजतात. वर्षाचे महिने अकरा, आणि महिन्याचे दिवस तेहेतीस. काठावर देवीची जत्रा भरली की पावलांचा महिना. बगळे उतरले की बगळ्यांचा. गुरं पाण्यावर आली की घंटांचा. तळाशी मीठ करकरत बसू लागलं की खारीचा, त्यात लग्न काढत नाहीत, कारण मंगळसूत्र पांढरं पडतं. आणि सगळ्यांत शेवटी निजेचा महिना. त्या महिन्यात मुलखातल्या तमाम सासवा झोपून असतात आणि सुना कारभार पाहतात.

निजेच्या महिन्यावर बाया इतक्या हसल्या की शेताच्या कडेला धुऱ्यावर बसलेला गडी उठून पाहू लागला.

पुढं तर कहरच झाला. बाया त्याच महिन्यांनी बोलू लागल्या. बगळ्यांच्या पाचव्या दिवशी मी माहेरी होते, खारीच्या सुरुवातीला गाय व्याली, असं सरळ चालू झालं. तानाबाईच्या तोंडून 'घंटांचा महिना' ऐकला त्या दिवशी मनकर्णाबाईला भाकर गोड लागेना. तिला पुष्पाचं बोलणं नको होतं, हसणं नको होतं. खरं सांगायचं तर पुष्पाच नको होती. पण ती बोलायला लागली की सगळ्यांत जास्त कान मनकर्णाबाईचेच लागायचे. कुठंतरी चुकेल, कुठंतरी सापडेल, म्हणून ती एकेक शब्द धरून ठेवायची.

आणि सापडलं. मनकर्णाबाईला लिहिता वाचता येत नव्हतं, पण डोकं तल्लख होतं. घरात खताच्या दुकानातून आलेलं कॅलेंडर होतं. एका दुपारी ते भिंतीवरून काढून तिनं ओसरीत पसरलं, आणि पानागणिक, तारखेच्या एकेका घरावर एकेक सरकी ठेवली. बारा पानांच्या सरक्या पदरात गोळा केल्या. मग तेहेतीस तेहेतीसचे ढीग लावले. अकरा ढीग झाले आणि हातात दोन सरक्या उरल्या. त्या दोन सरक्या तिनं पदराच्या टोकाला बांधल्या. तिला इतका आनंद लेकाच्या बारशालाही झाला नसेल.

दुसऱ्या दिवशी भर शेतात, सगळ्या बायांदेखत, तिनं गाठ सोडली. तुझं वर्ष दोन दिवसांनी तोकडं आहे, ते दोन दिवस तुझ्या मुलखातले लोक कुठं पुरतात, असं विचारलं. बाया पुष्पाकडे पाहू लागल्या. पुष्पानं दोन बोंडं वेचली, ओटीत टाकली, आणि शांतपणे म्हणाली, "बरोबर हाये, बाई. दोन दिस उरतात. ते मनकर्णेचे दिस. त्या दोन दिसांत तिथं कोणी कोणासंग बोलत नाही."

हसू असं फुटलं की मनकर्णाबाईला पळायला वाट मिळेना. त्यानंतर ती पुष्पाशी दोन दिवस नाही, दोन महिने बोलली नाही. चूल वेगळी झाली. पुढं बासष्ट साली जिल्हा परिषद आली, दयारामला बुलढाण्याला शिपायाची नोकरी लागली आणि पुष्पा बिऱ्हाड घेऊन गेली. एस.टी. सुटली तेव्हा मनकर्णाबाईनं डोळ्यांना पदर लावला, पण आत तिला गार वाटत होतं.

पुढच्या वेचणीला तिनं ओवी काढली. कोणी उचलली नाही. बाया मुकाट वेचत होत्या. दुपारी तानाबाईनं सहज विचारलं, आता तिकडं कोणता महिना लागला असेल गं? आणि मनकर्णाबाईच्या तोंडून निघून गेलं, "बगळ्यांचा. आज चवथा दिस."

तिला सगळं येत होतं. जिनं जळून ऐकलं तिच्याइतकं कोणाच्याच ध्यानात राहिलं नव्हतं. त्या दिवसापासून मुलूख तिचा झाला. बाया पुन्हा हसू लागल्या, पाती पुन्हा तिच्या चालीनं सरकू लागल्या. ते दोन दिवस मात्र ती गाळून सांगायची, आणि पुष्पाचं नाव कधी घ्यायची नाही. नव्या सुनांना वाटायचं, हे पंचांग हिचंच. तीही तसं वाटू द्यायची.

तीन वर्षांनी पुष्पा सीतादहीला आली. पहिल्या वेचणीची पूजा झाली, दहीभाताचा घास शेतात पडला, आणि ती न सांगता शेवटच्या पातीला जाऊन उभी राहिली. गावातल्या नव्या सुनांपैकी शालू कौतुकानं तिला म्हणाली, "आमच्या बाईचं तळ्याखालचं पंचांग तुमी आयकलं नसन."

मनकर्णाबाईचे हात थांबले. आता ही बोलणार, आणि तीन वर्षांची शोभा एका वाक्यात मातीत जाणार.

पुष्पानं मनकर्णाबाईकडे एकदा पाहिलं. "नाई बा, नाई आयकलं," ती म्हणाली. "सांगा ना, बाई."

भांडली असती तर बरं झालं असतं. मनकर्णाबाईनं पावलांपासून सुरुवात केली. बगळे झाले, घंटा झाल्या, खार झाली. पुष्पा पहिल्यांदाच ऐकत असल्यासारखी हुंकार देत होती, आणि तो एकेक हुंकार मनकर्णाबाईला बोचत होता. चांगुलपणातही ही आपल्या पुढंच, याचा तिला भयंकर राग आला. निजेचा महिना सांगून झाला. रोज ती इथंच थांबायची.

"अन् मंग दोन दिस उरतात," ती म्हणाली. "ते मनकर्णेचे. त्या दिसांत कोणी कोणासंग बोलत नाही. म्या फकस्त मोजले. मुलूख हिचा हाये, पुष्पाचा."

शालूनं आ वासला. मग सगळ्या बाया पुष्पाभोवती गोळा झाल्या, आणि राजा कोण, शेती कशाची, निजेच्या महिन्यात एखादी सासू जागी झाली तर काय, असं विचारू लागल्या. पुढं वळून कोणी पाहिलंच नाही.

पुढच्या पातीत मनकर्णाबाई बराच वेळ एकटी वेचत राहिली. मग तिनं ओटी आवळली, आठ पाती मागं आली, आणि पुष्पाचं नीट ऐकू येईल इतक्या अंतरावर, तिच्याकडे पाठ करून वेचू लागली.