साडूभाऊंनी काढलेली फिल्म

जेवणाऱ्या माणसाकडे माझ्या साडूभाऊंइतकं निरखून बघणारं दुसरं कुणी अख्ख्या नगर जिल्ह्यात नसेल. सुप्याला कारखान्यात ते फिटर. पण जेवणाच्या सुट्टीत स्वतःचा डबा राहायचा बाजूला आणि डोळे दुसऱ्यांच्या तोंडाकडे. कोण बोटं चाटतं, कोण ताटातच हात धुतं, सगळं तोंडपाठ. मिरजगावला एका लग्नात वाढपी एका म्हाताऱ्याच्या तोंडात जिलबी कोंबत होता, म्हातारा डोळ्यांत पाणी आणून हात जोडत होता, पंगत हसत होती. साडूभाऊ गंभीरपणे माझ्या कानाशी लागले, "पाव्हणं, ह्यो खून हाय. पन पोलीस बी शेजारच्याच पंगतीला बसल्यात."

यातूनच त्यांनी मोबाईलवर छोटी फिल्म काढली. घरचे लोक पाहुण्याला आग्रह करकरून मारतात आणि मयतीला आलेल्यांनाही तोच आग्रह करतात, अशी गोष्ट. पाहुणा मी. वाढणारी त्यांची बायको, म्हणजे माझी थोरली मेहुणी. चित्रीकरण त्यांच्या नगरच्या घरीच झालं. माझं मरण त्यांच्या मनासारखं होईना, म्हणून मला खऱ्याखुऱ्या नऊ पुरणपोळ्या खाव्या लागल्या. शेवटी मेलो तो बराचसा मनापासून.

पुढच्या रविवारी सगळे नातेवाईक टीव्हीपुढे जमले. माझ्या मरणाला लोक पोट धरून हसले. फिल्म संपली असं वाटलं, तर पडद्यावर स्वयंपाकघर तसंच दिसत राहिलं. त्या दिवशी ओट्यावरचा मोबाईल बंद करायचा राहिला होता आणि साडूभाऊंनी शेवट न तपासताच फिल्म लावली होती. आम्ही पुरुष उठून गेलेलो. मेहुणी एकटी खाली बसली. माझ्या ताटातली उष्टी अर्धी पोळी तिनं आपल्यापुढे ओढली, आमटीचं पातेलं तिरकं करून खरवडलं आणि भराभर खाऊ लागली. मधेच बाहेरच्या खोलीतून हाक आली, तशी घास तोंडात ठेवूनच उठली.

"काय ॲक्टिंग केली गं!" जमलेल्यांतल्या एक मावशी म्हणाल्या.

"ॲक्टिंग कसली?" मेहुणी साधेपणानं म्हणाली. "मी जेवत हुते."

साडूभाऊंनी टीव्ही बंद केला.

ती फिल्म त्यांनी पुन्हा कुणाला दाखवली नाही. परवा जेवायच्या वेळी मी त्यांच्याकडे गेलो, तर दोन ताटं समोरासमोर वाढलेली.

"तू घे आधी," साडूभाऊ बायकोला म्हणत होते.

"तुमी जेवून घ्या वो. मला न्हाई जमत असं."

"मग मी बी थांबतो."

ती पदराशी चाळा करत बसली, ते भिंतीकडे बघत. दोघांच्या मधे आमटी निवत चालली होती.